धार मी काढते, खातं नवऱ्याच्या नावावर. गुरं विकू की वाढवू?

कातळावरची (सोमवार, रात्री १०.४०)

नमस्कार मंडळी. दोन वर्षं इथे नुसती वाचतेय, लिहायला वेळ नसतो आणि खरं सांगायचं तर धीरही नव्हता. आज डोकं फिरलंय म्हणून लिहिते, लांबलं तर समजून घ्या.

गाव मालवण तालुक्यात. समुद्र चार किलोमीटरवर, पण आमची वाडी कातळावर, त्यामुळे मासे आम्ही विकतच घेतो. काजू, थोडी कलमं, पावसात भात. लग्नानंतर नऊ वर्षं डोंबिवलीत काढली, २०२० च्या लॉकडाऊनला गावी आलो ते परत गेलोच नाही. नवरा मोपा विमानतळावर टॅक्सी चालवतो, आठवड्यातून एकदा येतो, सीझनला तेही नाही.

सासूबाईंकडे दोन गावठी गायी होत्या, शेणासाठी. दूध म्हणजे वासरू पिऊन उरलं तर चहापुरतं. आमच्या वाडीत बैल आता एकाही दारात नाही, पॉवर टिलर आला नि जोतं गेली, जोतं गेली तसं पाड्यांना कोण विचारीना, मग गायी तरी कशाला, असं करत करत गोठे रिकामे झाले आणि तिथे आता लोक बाईक लावतात. मी उलटं केलं. २०२१ ला पाटल्या मोडून घाटावरून एक क्रॉस, म्हणजे संकरित, गाय आणली. वाडी हसली, डोंबिवलीची सून धार काढणार म्हणून. पहिल्याच दिवशी लाथ बसली, चरवी एकीकडे नि मी दुसरीकडे. आता दोन गावठी, तीन क्रॉस आणि एक म्हैस आहे. एक क्रॉस गाभण, बाकीच्या दोघी आणि म्हैस मिळून दोन्ही वेळचं सोळा-सतरा लिटर. पाच लिटर वाडीत रतीब, उरलेलं अॅक्टिव्हावर कॅन बांधून मीच संकलनाला घालते.

आता मुद्दा. पहिल्यांदा दूध घालायला गेले तेव्हा तिथल्या माणसाने वहीत लिहिताना विचारलं, नाव काय. मी माझं सांगितलं. तो म्हणाला, तुझं नको गो, घरातल्या माणसाचं सांग. मला तेव्हा काही वाटलं नाही, सांगून टाकलं. आज चार वर्षं दर दहा दिवसांचं बिल नवऱ्याच्या खात्यात जातं. माणूस वाईट नाही, मागितले की लगेच पाठवतो. पण मागावे लागतात ना. पेंडीचं पोतं घ्यायला माझ्याच दुधाचे पैसे मी मागते, आणि तो हायवेवर असला की दुकानदारासमोर फोन कानाला लावून उभी राहते.

दोन म्हशी आणखी घ्यायच्या म्हणून बँकेत गेले तर सातबारा मागितला. आमच्या सातबाऱ्यावर २३ नावं आहेत. आजेसासऱ्यांपासून वाटप नाही, निम्मे मुंबईत, एक बडोद्याला, दोघं वारले त्यांची नावं तशीच. माझं अर्थातच नाही.

घरी येऊन सांगितलं तर सासूबाई म्हणाल्या, इकून टाक सगळी, माझो जल्म शेणात गेलो, तुझो कित्याक? मला वाटलेलं नवरा नाही म्हणेल. नाही म्हणाल्या त्या.

विकू की वाढवू? फुकटचे सल्ले चालतील, फक्त गोमातेवर व्याख्यान नको.

दशावतारी_परळ (सोमवार, रात्री ११.०५)

ताई विकू नका हो. आमच्या लहानपणी मे महिन्यात गावी गेलं की आजी पहाटे ताक घुसळायची त्या आवाजाने जाग यायची, लोण्याचा गोळा हातावर मिळायचा, ते दिवस आता कुठे. आपणच सोडलं तर कोकणात उरणार काय? गोठ्याशिवाय घर म्हणजे तुळशीशिवाय अंगण.

चिपळूणची_वहिनी (सोमवार, रात्री ११.२१)

दादा, तुम्हाला घुसळण्याच्या आवाजाने जाग यायची, आजीला कशाने यायची ते कधी विचारलंत?

राग नका मानू, पण हे दर मे महिन्यात ऐकतो आम्ही. गाडीतून उतरलं की खरवस आहे का, घरचं तूप आहे का. गोठ्यात पाय कोणी टाकत नाही, वास येतो.

कातळावरची, तुझं वाचून मला माझीच वही आठवली. आमच्याकडे तर वहीत सासऱ्यांचं नाव होतं, ते जाऊन तीन वर्षं झाली तरी बिल त्यांच्याच नावाने निघत होतं. मयत माणूस दूध घालतोय ते चालतं, जिवंत बाई घालतेय ते चालत नाही.

घाटावरचा_पाटील (मंगळवार, सकाळी ६.१२)

राम राम. आमी कोल्हापूरकडचं. स्पष्ट बोलतो. तुमच्याकडं गुरं म्हंजे शेणाची फॅक्टरी, दूध आमच्याकडनं टँकरनं खाली येतंय. आमच्याकडं १९६३ पास्नं दूध संघ हाय, ऊस हाय म्हणून वाडं हाय, मका हाय, पाणी हाय. तुमच्याकडं तीन हजार मिलिमीटर पाऊस आणि मार्चात प्यायला पाणी न्हाई. चारा काय घालणार, भाताचा पेंढा? त्यात काय राम नस्तोय. पेंड पण वरनंच येणार, भाडं धरून. ताई सोळा लिटरवर धंदा हुईत न्हाई, एकतर धा जनावरं करा न्हाईतर विका.

चिपळूणची_वहिनी (मंगळवार, सकाळी ७.४०)

पाटील, टँकरचं खरं आहे. पण २०२१ च्या जुलैत आमचं चिपळूण बुडालं तेव्हा घाट दरडींनी बंद, तुमच्याकडेही पूर, टँकर कुठला आणि पिशवी कुठली. आमच्या वाडीत दोन म्हशी होत्या एका काकीकडे. बारा दिवस वाडीतल्या सगळ्या बारक्या पोरांना तिने वाटीने मोजून दूध दिलं, पैसे घेतले नाहीत, आणि घ्यायचे तरी कोणाकडून, पैसेही भिजलेले. धंदा होत नाही हे हिशेबाने बरोबर असेल.

गुरांची_डॉक्टरीण (मंगळवार, दुपारी २.१५)

मी रत्नागिरी जिल्ह्यात पशुवैद्यक आहे, नाव नको विचारू. जेवता जेवता लिहितेय.

आधी कातळावरचीला: तुझी दुधाची पावती बघ. फॅट लागत असेल, एसएनएफ (दुधातले फॅट सोडून बाकीचे घन पदार्थ) मार खात असेल. बरोबर? गायीच्या दुधाचा दर ३.५ फॅट आणि ८.५ एसएनएफ धरून काढतात, म्हशीला ६ आणि ९. कोकणात क्रॉस गायींचं एसएनएफ आठच्या आसपास घोटाळतं आणि लोक म्हणतात मशीनच खोटं. मशीन कधी कधी असतंही, पण बहुतेक वेळा गाय उपाशी असते, पोट भरलेलं पण उपाशी. नुसता पेंढा खाऊन एसएनएफ येत नाही. १०० किलो पेंढ्याला ४ किलो युरिया ५०-६० लिटर पाण्यात पूर्ण विरघळवून थर थर शिंपड, दाबून ताडपत्रीत हवाबंद ठेव २१ दिवस, मग उघडून वारा लागू दे, वास गेला की थोडा थोडा घालत सुरू कर. सहा महिन्यांखालच्या वासरांना अजिबात नको, आणि युरियाचं उरलेलं पाणी गुरांच्या तोंडाला लागेल असं ठेवायचं नाही, मरतात. खनिज मिश्रण रोज. कलमांच्या मधल्या पट्ट्यात नेपियर गवत लाव, ठोंब कोणाकडूनही मिळतील.

आता जे खरं सांगायचंय ते. माझ्याकडे कॉल येतो तो बाईचा. दारात पोचले की बोलतो बाप्या. परवाचीच गोष्ट. गाय माजावर आहे म्हणून बोलावलं, मी विचारलं माज कधी दिसला, तो म्हणाला आज सकाळी. त्याच्या मागे दारात त्याची बायको उभी, तिने पदराआडून दोन बोटं दाखवली. म्हणजे दोन दिवस झाले. सकाळी माज दिसला तर संध्याकाळी भरवायची, म्हणजे रेतन करून घ्यायचं, संध्याकाळी दिसला तर दुसऱ्या दिवशी सकाळी, एवढा साधा नियम आहे, आणि तो पाळायचा तर दिसला कधी ते कळायला हवं. जी रोज कासेला हात लावते तिलाच कळतं ते. म्हशीचा तर मुका माज, ओरडत नाही बिरडत नाही, जरा दूध कमी झालं, सोट (चिकट स्राव) दिसला, एवढंच. गेला माज की गेले २१ दिवस, तेवढ्या दिवसांचा चारा फुकट. पण माणसाला विचारल्याशिवाय बाई बोलत नाही आणि माणसाला माहीत नाही.

गावठी दोन विकू नकोस एवढं नक्की सांगते. कोकण कपिला म्हणून २०१८ मध्ये जात नोंद झालीय त्यांची. दूध जेमतेम, पण कातळावरचं गवत खाऊन जगतात, खूर कठीण, गोचीड कमी, पावसात क्रॉस गाय खोकत असते तेव्हा ह्या रवंथ करत बसलेल्या असतात.

गुरांची_डॉक्टरीण (मंगळवार, दुपारी २.३१)

राहिलंच. गाय व्यायल्यावर वार अडकली की बायका सरळ नागड्या हाताने ओढतात, प्लीज करू नका. ब्रुसेला हा गुरांचा आजार माणसालाही होतो, महिनोन्‌महिने ताप आणि सांधे धरतात, आणि लोक म्हणतात बाईचं वय झालं. पाड्यांना (मादी वासरांना) ४ ते ८ महिन्यांच्या असताना त्याची लस टोचून घ्या. पावसात गोठ्यात आणि चिखलणीला गमबूट घाला. पायाला चिखल्या झालेल्या, त्यावर गुरांच्या मुताचं पाणी, असाच शिरतो लेप्टो (लेप्टोस्पायरोसिस). लावणीच्या दिवसांत ताप आला तर काढा पीत बसू नका, त्याच दिवशी आरोग्य केंद्रात जा. घरात गमबूट असतो हो, एकच जोड, नवऱ्याच्या मापाचा.

एकवीस_पूर्ण (मंगळवार, दुपारी ४.०२)

शेवटची ओळ वाचून हसले आणि मग नाही हसले.

मी लांज्याची. घरी स्थळं बघतायत. मी एकच अट घातलीय, गोठा नको. आई चिडली, म्हणाली दूधदुभत्याचं घर म्हणजे लक्ष्मी. मी म्हटलं मग तुझे हात बघू. आईच्या अंगठ्याचे सांधे सुजलेत, बाटलीचं झाकण उघडता येत नाही तिला. तीस वर्षं अंगठा मुडपून धार काढली. आता कोणीतरी सांगितलं की चार बोटांची मूठ वळून काढायची असते. हे आधी सांगायला कोणी नव्हतं?

दर्यासारंग७७ (मंगळवार, सायं. ६.४८)

इथे सगळे पुरुषांच्या मागे का लागलेत? आम्ही काय झोपून असतो? पेंढा कोण आणतो, शाकारणी कोण करतो, रात्री बिबट्या आला तर बॅटरी घेऊन कोण जातो? ज्याच्या त्याच्या वाट्याची कामं असतात. उगाच शहरी खूळ.

लांबची_मावशी (मंगळवार, सायं. ७.१५)

बिबट्या वर्षातून दोनदा येतो दादा. शेण रोज पडतं.

सरकारचाच आकडा सांगते, वेळेचा वापर म्हणून पाहणी करतात, २०२४ ची. घरकाम करणारी बाई दिवसाला २८९ मिनिटं बिनपगारी घरकामात, घरकाम करणारा पुरुष ८८. आणि हे फक्त घरकाम बरं का, गुरांचं त्यात धरत नाहीत, ते वेगळ्या रकान्यात मोजतात.

दर्यासारंग७७ (मंगळवार, सायं. ७.२२)

८८ मिनिटं तरी आहेत ना.

संचालक (मंगळवार, सायं. ७.५०)

एकमेकांच्या शेपट्या पिरगळू नका. धागाकर्तीने विचारलंय त्यावर बोला.

धनगरवाडा (मंगळवार, रात्री ९.३०)

मी गवळी धनगर, संगमेश्वरच्या वरच्या अंगाला आमचा वाडा, रस्ता पाच वर्षांपूर्वी आला. आमच्यात म्हशी म्हणजे सगळंच. मी जे बघितलं ते सांगतो, पटलं तर घ्या.

आमची आज्जी लोणी-तूप घेऊन खाली गावांत उतरायची, नंतर दूधही. डोक्यावर किटल्या, दोन तासाची उतरण, पावसात निसरडं. कुणी पैसे द्यायचं कुणी भात, नाचणी. अडाणी होती पण कुणाकडे किती शेर बाकी ते सगळं डोक्यात, भिंतीवर कोळशाच्या रेघा ओढायची, आमच्या वाड्याच्या आतल्या भिंतीवर त्या रेघा मी लहानपणी मोजल्यात. पैसे कमरेच्या चंचीत. म्हातारा तंबाखूला पैसे तिच्याकडे मागायचा, आणि ती द्यायची पण आधी दोन शिव्या घालायची.

मग रस्ता आला. रस्ता आला तशी बाईक आली. बाईक चालवणार कोण, आम्ही पोरं. दूध आता वीस मिनिटांत खाली जातं, आज्जीचे गुडघे वाचले, आईला तर उतरावंच लागलं नाही. सगळे म्हणाले बायांचे हाल संपले. पण चंची गेली ना. दूध आई काढते, पैसे माझ्या फोनवर येतात. मी वाईट मुलगा नाही, पण आई हल्ली मला विचारते, मला औषध आणशील का. आज्जीने असं कुणाला विचारल्याचं मला आठवत नाही.

हे मी ताईंचा धागा वाचेपर्यंत असं जोडून बघितलंच नव्हतं.

कातळावरची (मंगळवार, रात्री १०.५५)

धनगरवाडा भाऊ, तुमचं दोनदा वाचलं. मी तर स्वतः गाडीवरून दूध नेते, किटलीही माझी, गाडीही माझ्या माहेरच्या पैशाची, तरी चंची नाही. म्हणजे नुसती बाईकची पण गोष्ट नाहीये.

डॉक्टरीणबाई, पावती बघितली. फॅट ३.९, एसएनएफ ८.०. तुम्ही काय गोठ्यात कॅमेरा लावलाय काय.

निवृत्त_मास्तर (बुधवार, सकाळी ५.५०)

चाळीस वर्षे शिकवले, त्यातली निम्मी गावकऱ्यांचे अर्ज लिहून देण्यात गेली, त्यामुळे हा विषय माझा. सावकाश वाचा.

सातबाऱ्याचे आधी. २३ नावे म्हणजे कोकणात कमीच, मी साठ नावांचा सातबारा पाहिला आहे, आणि गुंठे त्याहून कमी. मयतांची वारसनोंद करून घ्या, तलाठ्याकडे अर्ज करून ते होते, त्याला भांडण लागत नाही. वाटपाला मात्र सगळ्यांच्या सह्या, म्हणजे गणपतीत सगळे गावी असतात तेव्हाच काय ते. आरतीनंतर विषय काढा, जेवणाआधी. जेवणानंतर सगळे झोपतात.

महाराष्ट्रात मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत हक्क १९९४ लाच दिला, केंद्राने २००५ ला. १९९२ चे परिपत्रक आहे लक्ष्मी मुक्तीचे, नवऱ्याने स्वखुशीने बायकोचे नाव सातबाऱ्यावर लावायचे. पण कोकणात नवऱ्याचेच नाव वेगळे निघालेले नसते तर बायकोचे कुठे लावणार, त्यामुळे ते घाटावर जितके चालले तितके इकडे नाही.

आता कर्ज. किसान क्रेडिट कार्ड पशुपालनाला लागू होऊन काही वर्षे झाली. त्याच्या नियमात गोठा स्वतःचा किंवा भाड्याचा असला तरी चालतो असे आहे, बचत गटालाही मिळते. तारणाशिवाय २ लाखांपर्यंत, ही मर्यादा १ जानेवारी २०२५ पासून वाढली, आधी १ लाख ६० हजार होती. पण नीट समजून घ्या, ते खेळते भांडवल आहे, पेंड, औषध, विमा यासाठी. म्हशी विकत घेण्याला वेगळे मुदतकर्ज. काउंटरवरचा मुलगा सातबारा मागतो कारण त्याला सातबाऱ्याचीच सवय आहे. लेखी अर्ज द्या आणि नकारही लेखी मागा. लेखी म्हटले की निम्मे नकार विरघळतात.

आणि दूध संस्थेत सभासद व्हायला जमीन कशाला लागते? दूध लागते. वहीत नाव बदलायला आधार, स्वतःचे बँक पासबुक आणि नवऱ्याचे एका ओळीचे संमतिपत्र असले की पुरे व्हावे, तेही कटकट नको म्हणून. सहकारी संस्थेच्या संचालक मंडळात महिलांना २ जागा राखीव असतात. तुमच्या संस्थेत त्या दोन जागांवर कोण आहे ते पाहा. बहुधा चेअरमनची वहिनी आणि सेक्रेटरीची बायको, आणि सभेचा चहा त्याच करत असतील.

काजीची_बी (बुधवार, सकाळी १०.१०)

मास्तरांनू, अगदी बरोबर. आमच्या हयल्या संस्थेत मी आसंय त्या दोनातली येक. पयल्या सभेक गेलंय तर सगळे माका बगूक लागले, म्हणले वैनी सही करा नि जावा, घरात काम आसतला. मिया म्हटलंय कामच करूक इलंय. हिशोबाची वही मागितलंय. दोन महिने दिली नाय. तिसऱ्या महिन्याक दिली.

कातळावरची, गे बाय, सासयेचा मनार घेव नको. तिका गुरा नको नाय झालीत. तिका ता मोल नसलेला काम नको झाला. येकदा तिच्या हातात बिल ठेवन बग.

रिकामा_गोठा (बुधवार, दुपारी १.२५)

सगळे वाढव म्हणतायत म्हणून मी दुसरी बाजू लिहिते, वाईट वाटून घेऊ नका.

मी देवगडकडची. माझ्याकडे पाच होती. २०२२ ला लम्पी आला, दोन गेल्या. अंगभर गाठी, पायाला सूज, उभी राहीना, मी आणि मुलगी रात्रभर कडुलिंबाच्या पाण्याने पुसत बसायचो. दुसरी गेली त्या सकाळी मी ठरवलं, उरलेल्या तीन विकल्या. आता काजू कारखान्यात जाते. सहाला उठते. आयुष्यात पहिल्यांदा माहेरी चार दिवस राहिले, सलग, कोणी फोन करून गाय ओरडतेय म्हणून बोलावलं नाही. भावाच्या मुलीच्या लग्नात हळदीपासून होते. हे गुरं असलेल्या बाईलाच कळेल काय असतं ते. तुमच्या सासूबाई जे म्हणतायत त्यात हेच सगळं आहे, त्यांना तसं मांडता येत नसेल एवढंच.

पिशवीचं दूध घेतो. कलमांना शेणखत विकत. काही बिघडलं नाही.

पाडव्याला मात्र दर वर्षी घोळ होतो. आमच्याकडे त्या दिवशी शेणाचा बारका गोठा करतात, कारटांना (बारक्या कडू फळांना) काड्यांचे पाय लावून गुरं मांडतात. शेण शेजारणीकडून आणलं. मांडलं. सासरे आले आणि म्हणाले, खऱ्या गव्हाणीत मांड, ती तरी भरू दे. मी मांडली नाही, अंगणातच ठेवली.

तर विक असं मी म्हणत नाहीये. पण विकली तर हरलीस असं कोणी म्हणालं तर ऐकू नकोस.

एकवीस_पूर्ण (बुधवार, दुपारी १.४०)

काकी, तुम्हाला मिठी.

लांबची_मावशी (बुधवार, दुपारी ३.०५)

माहेरचं वाचून डोळ्यात पाणी आलं. माझ्या आईने स्वतःच्या आईच्या दहाव्याला जाताना म्हशीची सोय आधी केली, मग रडली.

घाटावरचा_पाटील (बुधवार, रात्री ८.३०)

वरचं समदं वाचलं. म्या धा जनावरं म्हटलं पण आमच्या घरात अठरा हायत आणि मिल्किंग मशीन हाय, ते म्या चालवतो. मशीन यायच्या आदी धारा आई न् बायको काढायच्या, आता मशीन हाय म्हणून "काम" झालं आणि म्या करतोय. शेण अजून त्यांच्याकडंच. हे आज घरात बोललो तर बायको म्हणली लवकर उजाडलं.

शहाणा_कावळा (बुधवार, रात्री ९.००)

२०२६ हे संयुक्त राष्ट्रांनी आंतरराष्ट्रीय महिला शेतकरी वर्ष जाहीर केलंय, माहितीसाठी.

काजीची_बी (बुधवार, रात्री ९.१२)

मगे? धार कोन काडतला त्या वर्सात, संयुक्त राष्ट्रा?

कातळावरची (बुधवार, रात्री ११.२०)

सगळ्यांचे आभार. नवरा रविवारी येतोय. संमतिपत्राचं बोलते. नंतर येऊन सांगते.

कातळावरची (पाच आठवड्यांनंतर, शनिवार, दुपारी ३.१०)

धागा वर काढतेय, सॉरी, वेळच झाला नाही.

संमतिपत्रावर नवऱ्याने दोन मिनिटांत सही केली. म्हणाला एवढंच होतं तर आधी का नाही बोललीस. खरंच का नाही बोलले मला सांगता येईना. मी चार वर्षं मनात भांडत होते त्याच्याशी.

संकलनावर मात्र तीन फेऱ्या. आधी वर्ष संपू दे म्हणाले, मग कॉम्प्युटरला नाव बदलत नाही म्हणाले, मग मी मास्तरांचं ऐकून अर्ज लेखी दिला आणि पोच मागितली. चौथ्या दिवशी कॉम्प्युटर बरा झाला. मास्तर, पेढे कुठे पाठवू?

गेल्या बुधवारी पहिलं बिल माझ्या खात्यावर आलं. मेसेज आला तेव्हा मी शेण भरत होते, हात धुऊन बघितला. काजीची बी, तुम्ही सांगितलेलं म्हणून बँकेत जाऊन ते सगळे पैसे काढले आणि सासूबाईंच्या हातात ठेवले. त्यांनी मोजले. परत मोजले. मग म्हणाल्या, हे धा दिवसांचे? एवढे होतंत? चाळीस वर्षं गुरं राखली पण दूध विकलं तेव्हा सासरे विकायचे, त्यांना आकडाच ठाऊक नव्हता. त्यातले पाचशे काढून घेतले आणि बाकीचे परत दिले. पाचशेचं काय करणार विचारलं तर म्हणाल्या तुका कित्याक होयो हिशोब. मला धनगरवाडा भाऊंची आज्जी आठवली.

बँकेने किसान क्रेडिट कार्डाचे कागद घेतलेत, अजून काही कळवलं नाही. म्हशी सध्या घेत नाहीये. रिकामा गोठा ताई, तुमचं डोक्यात राहिलं. त्याऐवजी शेजारच्या वाडीतल्या एका मुलीला दोन महिन्यांपुरतं संध्याकाळच्या धारेला ठेवलंय, पैसे देऊन, तिच्याच खात्यावर. पुढच्या महिन्यात चार दिवस माहेरी जाणार आहे. गेले तर सांगते.

गाभण होती ती क्रॉस गाय परवा रात्री दोनला व्यायली, पाडी झाली. वार पडायला वेळ लागला पण हात घातला नाही, डॉक्टरांना फोन केला. डॉक्टर आले, दारात विचारलं घरात कोणी माणूस आहे का. सासूबाई आतून म्हणाल्या, आमी काय गुरा आसव?

युरियाचा पेंढा अठरा दिवस झालाय, मंगळवारी उघडणार. एसएनएफ बघू.

आणि एक विचारायचं होतं, कुडाळ-कणकवली बाजूला सरकी पेंड सध्या कोणाकडे बऱ्या भावात आहे? आमच्या इथे मागच्या आठवड्यात परत वाढली. आणि बायकांच्या मापाचे गमबूट, पाच नंबर, कुठे मिळतात कोणाला माहितीये का? मालवणात सातच्या खाली नाहीत.

एकवीस_पूर्ण (शनिवार, दुपारी ३.३२)

पाच नंबर मुलांचे म्हणून विकतात, शाळेच्या दुकानात बघा. पिवळ्या रंगात मिळतील, वर बदकाचं चित्र असतं, चालवून घ्या.

दशावतारी_परळ (शनिवार, दुपारी ४.००)

खरवस आहे का?

चिपळूणची_वहिनी (शनिवार, दुपारी ४.०३)

या, पण पहाटे साडेचारला. घमेलं तयार ठेवते म्हणावं ती.